इंजिनचा दिवा लागला, स्कॅनरवर ‘पी ००१६’ आला. चेन बदलायला होकार देण्याआधी काय तपासावं?

अकोट : गाडी सकाळी चांगली सुरू झाली, चोहोट्टा बाजारपर्यंत आली आणि मीटरवर पिवळा इंजिनचा दिवा लागला. पिकअप गेला, चढावर दम लागल्यासारखं होऊन राहिलं. मिस्त्रीने स्कॅनर लावला तर कोड निघाला पी ००१६. मग एकाच वाक्यात निकाल लागतो : “भाऊ, टायमिंग गेलं, चेन किट टाकावं लागते.” कधी ते खरंच असतं. बऱ्याचदा मात्र चेन चांगली असते. दोष एखाद्या सेन्सरचा, कुरतडलेल्या वायरीचा नाहीतर काळ्या झालेल्या ऑइलचा निघतो. उलटही होतं. सेन्सर बदलून, कोड पुसून गाडी चालवत ठेवली आणि खरोखर सैल झालेली चेन आठ दिवसांनी भर रस्त्यात सरकली, तर व्हॉल्व वाकतात आणि पुरं हेड उतरवावं लागतं. सेन्सरचं काम काही शे ते दोन-तीन हजारांत होऊन जातं. हेड उतरलं की गोष्ट हजारांच्या दहांवर जाते. म्हणून या कोडचा अर्थ गाडीवाल्याला स्वतःला माहीत असलेला बरा.

कोड नेमकं काय सांगतो

इंजिनात खाली क्रँकशाफ्ट फिरतो, तो पिस्टन वरखाली करतो. वर कॅमशाफ्ट फिरतो, तो व्हॉल्व उघडतो आणि लावतो. क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एकच फेरा झाला पाहिजे. हा मेळ चेन किंवा रबरी बेल्ट राखतो. सायकलची चेन जुनी होऊन लांबली की फ्रीव्हीलवर दात सोडून उडी मारते, तसंच इथंही होऊ शकतं. क्रँकच्या छोट्या चाकाला समजा १८ दाते आहेत, तर एक दात सरकला म्हणजे क्रँकचा २० अंशांचा फरक पडला. इंजिनाच्या हिशेबात हा फरक लय मोठा.

हा मेळ पाहायला दोन सेन्सर असतात, एक क्रँकवर आणि एक कॅमवर. बऱ्याच गाड्यांत क्रँकच्या दात्यांच्या चकतीवर ६० दात्यांची जागा असते आणि त्यातले दोन दाते मुद्दाम गाळलेले असतात. त्या गाळलेल्या जागेवरून कॉम्प्युटरला कळतं की पिस्टन कुठं आहे. कॅमकडून येणारी खूण त्या जागेशी ठरलेल्या अंतरात जुळली नाही की तो पी ००१६ लिहून ठेवतो. म्हणजे कोडचा अर्थ एवढाच, की दोन सेन्सरांचं म्हणणं एकमेकांशी जुळत नाही. चेन खराब आहे असं त्यात कुठंच लिहिलेलं नाही.

पी ००१७ हा त्याचाच भाऊ, दुसऱ्या कॅमसाठी. पी ००११ आला तर कॅम ठरल्यापेक्षा पुढं गेला, पी ००१२ आला तर मागं राहिला. पी ०३३५ म्हणजे क्रँक सेन्सरचा सिग्नल बरोबर नाही, पी ०३४० म्हणजे कॅम सेन्सरचा. पी नंतर शून्य असेल तर तो कोड सगळ्या कंपन्यांना सारखा. तिथं १ असेल तर तो त्या कंपनीचा खासगी कोड असतो, आणि त्याचा अर्थ दुसऱ्या कंपनीच्या यादीत पाहून उपयोग नाही.

आपल्याकडे कोणत्या गाडीत काय असतं

तालुक्यातल्या रस्त्यांवर डिझेलच्या जुन्या स्विफ्ट, डिझायर आणि अर्टिगा आजही भरपूर दिसतात. त्यांत आणि इंडिका व्हिस्टा, मांझा, झेस्ट, पुंटो, लिनिया या गाड्यांत मूळ फियाटचं एकच १.३ लिटरचं डिझेल इंजिन आहे. पुण्याजवळ रांजणगावच्या कारखान्यातही ते बनत होतं. बीएस-६ नियम १ एप्रिल २०२० पासून आले आणि ते इंजिन नव्या गाड्यांतून गेलं, पण जुन्या गाड्या चालूच आहेत. त्याला चेन आहे. त्या इंजिनात कॅम पुढंमागं करणारी व्हीव्हीटी यंत्रणा नाही, त्यामुळे त्यात पी ००१६ आला तर सेन्सर, वायर, दात्यांची चकती आणि चेन एवढ्याच जागा पाहायच्या राहतात.

जुन्या इंडिकाच्या १.४ डिझेलला आणि डस्टर, टेरानो, व्हेरिटो यांच्या १.५ डिझेलला रबरी टायमिंग बेल्ट आहे. जुन्या अडीच लिटर डिझेल इनोव्हालाही बेल्टच आहे, आणि बेल्ट बदलायची वेळ झाली की मीटरवर टी-बेल्टचा दिवा लागतो. बेल्ट आवाज न करता तुटतो. चेन मात्र सहसा आधी खडखडते, म्हणजे तेवढी सूचना तरी मिळते. बेल्टवाली गाडी जुनी घेतली आणि बेल्ट कधी बदलला याचं बिल नसेल, तर तो बदललेला नाही असंच धरावं.

पेट्रोलच्या नव्या के-सिरीज इंजिनांत चेन तर आहेच, वरून व्हीव्हीटीही आहे. ती ऑइलच्या दाबावर चालते. इथं मग ऑइलची गोष्ट येते.

आधी डिपस्टिक, मग स्कॅनर

चेनला ताणून धरणारा टेन्शनर बहुतेक इंजिनांत ऑइलच्या दाबावर काम करतो. व्हीव्हीटीचा व्हॉल्वही ऑइलवरच, आणि त्याच्या तोंडाशी एक बारीक जाळी असते. ऑइल कमी झालं, काळं घट्ट झालं किंवा चुकीच्या ग्रेडचं पडलं की दोन्ही गडबडतात. नव्या पेट्रोल गाड्यांना ०डब्ल्यू-२० किंवा ०डब्ल्यू-१६ असं पाण्यासारखं पातळ ऑइल लागतं. घरी ट्रॅक्टरसाठी आणलेला २०डब्ल्यू-४० चा डबा उघडाच आहे, तर त्यातलं लिटरभर कारमध्ये टाकून दिलं, असं करणारे कमी नाहीत. थंडीच्या सकाळी ते घट्ट ऑइल वर पोचायला वेळ लावतं आणि सेल्फ मारल्याबरोबर चार-पाच सेकंद खडखड ऐकू येते.

दुसरी चूक किलोमीटरच्या हिशेबाची. पुस्तकात १०,००० किमी किंवा एक वर्ष लिहिलेलं असतं. गाडी फक्त वावर ते अकोट आणि लग्नसराईत अकोल्यापर्यंत, वर्षाला चार हजार किमी चालते, म्हणून तीन-तीन वर्षं ऑइल तसंच. ऑइल वेळेनेही खराब होतं. जे आधी होईल ते धरायचं.

म्हणून कोड आला की पहिलं काम, गाडी सपाट जागी उभी करून इंजिन बंद करायचं, दहा मिनिटांनी डिपस्टिक पाहायची. ऑइल खालच्या खुणेच्या खाली असेल तर कोडचं मूळ तिथंच असू शकतं. बॅटरीही पाहावी. कमजोर बॅटरीने सेल्फ ओढताना व्होल्टेज एवढं पडतं की सेन्सरचा सिग्नल तुटक येतो.

ओबीडीचं १६ पिनचं सॉकेट बहुतेक गाड्यांत स्टिअरिंगच्या खाली असतं. हल्ली मोबाइलला ब्लूटूथने जोडायचा छोटा रीडर मिळतो, तो कोड वाचायला पुरतो. कोड पुसायच्या आधी सगळ्या कोडचा आणि ‘फ्रीज फ्रेम’चा मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवावा. फ्रीज फ्रेम म्हणजे दिवा लागला त्या क्षणी इंजिन किती गरम होतं, किती आरपीएमवर होतं, याची नोंद. कोड पुसला की ती नोंदही जाते आणि मिस्त्रीच्या हातातला पुरावाच जातो. थंड इंजिनवर सुरू होताच कोड आला असेल तर टेन्शनर आणि ऑइलकडे संशय जातो. गरम झाल्यावर, घाटात, अर्ध्या तासाने येत असेल तर गरम होऊन बंद पडणारा सेन्सर किंवा सैल कनेक्टर आधी पाहावा. पोपटखेडवरून सातपुड्यात चढणाऱ्या गाड्यांना मे महिन्यात हे दुसरं जास्त.

पी ००१६ सोबत पी ०३३५ किंवा पी ०३४० आला असेल तर आधी सेन्सर आणि वायर. पी ००११ किंवा पी ००१२ सोबत आला असेल तर आधी ऑइल आणि व्हीव्हीटी व्हॉल्व.

उंदीर, खारं पाणी आणि गॅस किट

आपल्या भागात तीन कारणं शहरापेक्षा जास्त भेटतात. सोयाबीन निघाल्यावर गाडी कुटाराच्या ढिगाजवळ किंवा कोठ्यात आठ-आठ दिवस उभी राहते आणि उंदीर बोनेटमध्ये घर करतात. क्रँक सेन्सरची वायर खाली असते, ती आधी सापडते. वायर पूर्ण तुटली तर गाडी सुरूच होत नाही. अर्धी कुरतडली तर कधी बरोबर, कधी कोड, आणि हा दोष शोधायला सगळ्यात अवघड. चालू इंजिनवर वायरीचा गुच्छा हलक्या हाताने हलवून पाहावा. इंजिन थरथरलं की जागा सापडली. पण पंखा आणि पट्ट्यापासून हात आणि दुपट्टा दूर.

पूर्णेच्या खारपाण पट्ट्यात बोअरच्या पाण्याने प्रेशर मारून इंजिन धुतलं की कनेक्टरच्या पिनांवर हिरवट बुरशीसारखा थर चढतो. कनेक्टर काढून पिना पाहाव्या, कॉन्टॅक्ट क्लीनर मारावा. पॉलिश पेपरने घासू नये, पिनेचा मुलामा निघून जातो. रेडिएटरमध्ये हे पाणी टाकणं तर आणखी वाईट, पण तो वेगळा विषय.

तिसरं म्हणजे बाहेरून बसवलेली सीएनजी किट. काही किटमध्ये टायमिंग पुढं ओढणारा एक छोटा डबा असतो आणि तो बसवताना क्रँक सेन्सरची वायर कापून मध्ये जोडलेला असतो. तो जोड सैल झाला की हाच कोड येतो. किट बसवल्यापासून दिवा लागत असेल तर ते मिस्त्रीला आधी सांगावं. लपवून उपयोग नाही.

सेन्सर काढला तर त्याच्या टोकावर लोखंडी कीस चिकटला आहे का ते पाहावं. कीस असेल तर आत काहीतरी झिजून राहिलं आहे.

चेन खरंच गेली का, हे कसं ठरवायचं

वायर, सेन्सर, ऑइल, सगळं ठीक निघालं आणि कोड परत आला, तरच कव्हर उघडायची वेळ येते. चांगल्या वर्कशॉपमध्ये ऑसिलोस्कोप असतो. त्यावर क्रँक आणि कॅमची लाट एकाच पडद्यावर दिसते आणि कव्हर न उघडता किती फरक आहे ते कळतं. अकोटपासून अकोला सुमारे ४५ किमी. तेवढं जाऊन ही तपासणी करून घेणं उगाच किट टाकण्यापेक्षा स्वस्त पडतं. गाडी खडखडत असेल तर मात्र ती टोचन करूनच न्यावी.

कव्हर उघडलं की क्रँक आणि कॅमच्या खुणा जुळवतात. इंजिन हाताने, पान्याने, चालतं त्याच दिशेने पूर्ण दोन फेरे फिरवून खुणा परत त्याच जागी येतात का पाहतात. टेन्शनरचा दांडा जवळपास पूर्ण बाहेर आला असेल तर चेन लांबली हे पक्कं. गाडीवाल्याने या वेळी तिथं उभं राहावं आणि खुणांचा फोटो मागावा.

बदलायचंच ठरलं तर नुसती चेन टाकू नये. चेन, टेन्शनर, गाइड पट्ट्या आणि झिजली असतील तर चाकं, सगळं एकत्र. जुन्या चाकावर नवी चेन लवकर खराब होते. १.३ डिझेलसारख्या इंजिनाला कॅम आणि क्रँक पक्के धरायला लॉकिंग टूल लागतं, ते मिस्त्रीकडे आहे का हे आधीच विचारावं. पांढऱ्या पेंटच्या खुणेवर भागवणारा मिस्त्री कितीही जुना असो, त्याला हे काम देऊ नये. काम झाल्यावर पहिला सेल्फ मारायच्या आधी इंजिन हाताने दोन फेरे फिरलं पाहिजे. मध्ये कुठं अडलं तर जोर लावायचा नाही. काही गाड्यांत शेवटी स्कॅनरने क्रँक-कॅमची शिकवणी परत करावी लागते, नाहीतर सगळं बरोबर बसूनही कोड येत राहतो.

गाडी कधी जागेवर उभी करायची

नुसता पिवळा दिवा, आवाज नाही, पिकअप ठीक, ऑइल बरोबर, तर सावकाश, रेस न ओढता जवळच्या मिस्त्रीपर्यंत नेता येते. इंजिनच्या बाजूच्या कव्हरमधून चेन ओढल्यासारखा खडखडाट येत असेल किंवा लाल ऑइलचा दिवा लागला तर तिथंच बंद. सेल्फ नेहमीपेक्षा हलका, भरभर फिरतो आणि गाडी घेतच नाही, असं झालं तर बेल्ट किंवा चेन सुटलेली असू शकते. अशा वेळी चार पोरं जमवून धक्का मारायचा नाही. डिझेल इंजिनात वर आलेला पिस्टन आणि उघडा व्हॉल्व यांच्यात जागा जवळपास नसते. धक्क्याने गाडी गिअरमध्ये टाकली की उरलेले व्हॉल्वही वाकतात.

साधा वाहन विमा झीज आणि यांत्रिक बिघाडाचे पैसे देत नाही. कंपनीची वाढीव वॉरंटी असेल तर मिळू शकतात, पण वेळेवर ऑइल बदलल्याची बिलं लागतात. घरी बदललं असेल तर डब्याचं तरी पक्कं बिल जपून ठेवावं. बदललेले जुने भाग मागून घ्यावे. न केलेल्या कामाचे पैसे लावले असं वाटलं तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार करता येते.

जुनी गाडी घेणाऱ्यांसाठी एक शेवटची गोष्ट. भारतात बीएस-४ च्या कारना ओबीडी-२ एप्रिल २०१३ पासून लागू आहे, त्यामुळे त्यानंतरच्या बहुतेक गाड्यांत रीडर चालतो. सौद्याच्या दिवशी दिवा विझलेला असला तरी रीडर लावून ‘कोड पुसल्यापासून चाललेले किमी’ हा आकडा पाहावा. तो १०-१५ निघाला आणि खालच्या तपासण्या ‘अपूर्ण’ दाखवत असतील, तर कोड नुकताच पुसला आहे. मालकाला कारण विचारावं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी, इंजिन पूर्ण थंड असताना, बोनेट उघडून पहिला सेल्फ स्वतः ऐकावा.