भांडण कोण जिंकलं?

गेल्या शनिवारी रात्री ऑन्डी टिमोनर या बाईंचा 'वी लिव्ह इन पब्लिक' (२००९) हा माहितीपट पाहिला. संपल्यावर बराच वेळ झोपच येईना...

गोष्ट आहे न्यूयॉर्कची, डॉटकॉमच्या तेजीतली. जॉश हॅरिस नावाच्या माणसाने नेटच्या धंद्यात बक्कळ पैसा कमावला होता. लोक डायल-अपवर रखडत होते त्या काळात त्याची 'स्यूडो' ही कंपनी नेटवरून कार्यक्रम दाखवायची! डिसेंबर १९९९ मध्ये त्याने शंभरावर लोकांना एका तळघरात राहायला बोलावलं. रेल्वेच्या बर्थसारखे एकावर एक झोपायचे कप्पे, आणि प्रत्येक कप्प्यात एक कॅमेरा आणि एक टीव्ही. चॅनेल बदलायचं आणि दुसऱ्याच्या कप्प्यात डोकवायचं. जेवणखाण सगळं फुकट, फक्त चित्रीकरणावर मालकी हॅरिसची. (हे कलम आपणही 'आय अ‍ॅग्री' म्हणत रोज मान्य करतोच की.) १ जानेवारी २००० ला पोलिसांनी हा प्रकार बंद पाडला. हे सगळं चित्रित करायला हॅरिसनेच टिमोनरना बोलावलं होतं.

पण मला हादरवलं ते पुढच्या भागाने. हॅरिस आणि त्याची मैत्रीण यांनी आपल्या राहत्या घरात तीसेक कॅमेरे लावले आणि संसार चोवीस तास नेटवर सोडला. बघणारे चॅटवर शेरे मारायचे. दोघांचं भांडण झालं की दोघं आपापल्या कॉम्प्युटरकडे जायचे. कशाला? तर भांडण कोण जिंकलं, ते बघायला! काही महिन्यांत ती घर सोडून गेली. बघणारेही हळूहळू पांगले.

आता कुणी म्हणेल, चाळीत काय वेगळं होतं? भिंतीपलीकडे सगळं ऐकू जायचंच. खरंय. पण चाळीतला ऐकणारा सकाळी नळावर भेटायचा. फार झालं तर काकू मध्ये पडायच्या, दोघांनाही चार शब्द सुनवायच्या. चॅटवरच्या माणसाला दुसऱ्या दिवशी तुमचं तोंड बघायचं नसतं. त्याला फक्त निकाल द्यायचा असतो.

कॅमेऱ्याने त्या दोघांना भांडायला लावलं नाही. भांडल्यावर तोंड कुणाकडे वळवायचं, एवढंच त्याने बदललं.

टिमोनर यांना २००९ साली या माहितीपटासाठी सनडान्स महोत्सवात ज्युरीचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. फेसबुक तेव्हा जेमतेम पाच वर्षांचं होतं.

मागे महाबळेश्वरला माझं आणि बायकोचं कडाक्याचं वाजलं होतं. त्याच सकाळचा आमचा हसरा फोटो मी टाकलेला होता. रात्री एकमेकांकडे पाठ करून पडलो होतो, आणि मी अंधारात लाइक्स मोजत होतो. तिच्या बाजूलाही उजेड दिसत होता.

म्हणून शनिवारी माहितीपट संपल्यावर लॅपटॉप मिटला आणि तिला उठवलं. म्हटलं, तेव्हाचं भांडण अर्धंच राहिलंय. ती म्हणाली, "आत्ता? रात्री दीड वाजता?"

पण उठून बसली.