‘गाढवाचं लग्न’ : एका वगनाट्याची कुळकथा

हरिभाऊ वडगावकर यांच्या ‘गाढवाचं लग्न’ या वगनाट्याचे मूळ विक्रमादित्याच्या पित्याभोवती गुंफलेल्या जुन्या लोककथेत आहे. या कथेतील गंधर्वसेन इंद्राच्या शापाने गाढव होतो, तरी राजकन्येशी विवाह करतो आणि त्याचे गाढवाचे कातडे जाळले गेल्यावर शापमुक्त होतो. जैन परंपरेतील कालकाचार्यकथेत उज्जयिनीच्या राजाचे गर्दभिल्ल हे नाव येते, यावरून गाढव आणि राजकुळ यांची ही सांगड किती जुनी आहे, हे ध्यानात येते.

ही अद्भुतकथा विनोदी संगीतनाट्य होऊ शकली ती वगामुळे. गण म्हणजे गणेशस्तवन, गवळण म्हणजे मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणींची कृष्णाने केलेली अडवणूक आणि त्यानंतर वग, म्हणजे गद्य संवाद व गाणी यांतून उलगडणारे कथानक, असा तमाशाचा क्रम असतो. त्यांपैकी वग हे अंग सर्वांत उशिरा जोडले गेले आणि 1865 च्या सुमारास उमा-बाबू सावळजकर यांनी रचलेला ‘मोहना-बटाव’ हा पहिला वग मानला जातो. वगात राजा, प्रधान व राजकन्या असली, तरी खेळ पेलतो तो सोंगाड्या, म्हणजे हजरजबाबी विनोदी नट. म्हणूनच या वगनाट्यात शापित गंधर्व नावापुरता नायक राहिला आणि गाढवाचा धनी सावळ्या कुंभार व त्याची बायको गंगी ही जोडी केंद्रस्थानी आली. गाढवासाठी राजकन्येला मागणी घालण्याची पाळी ज्याच्यावर येते, त्या गरीब कारागिराच्या तोंडून दरबाराची रेवडी उडते. लोककथेत केवळ निमित्तमात्र असलेल्या माणसाला मिळालेली ही जागा हेच या कलाकृतीचे खरे नवेपण होय.

सावळ्याची भूमिका अजरामर केली ती मावळातील इंदुरीच्या दादू इंदुरीकर (1928–1980) यांनी. प्रभा शिवणेकर त्यांच्या गंगी होत्या. गावजत्रेचा उघडा फड आणि शहरातले नाट्यगृह या दोन्ही ठिकाणी दादूंनी प्रेक्षक खिळवून ठेवले, आणि तमाशाला नाके मुरडणारा पांढरपेशा वर्गही तिकीट काढून आला. त्यांच्यामागे प्रकाश इनामदार व जयमाला इनामदार यांनी हे वगनाट्य रंगभूमीवर जागते ठेवले आणि 2007 मध्ये मकरंद अनासपुरे यांचा सावळ्या चित्रपटातून घराघरांत पोचला.

या इतिहासातील सर्वांत मौल्यवान भाग मात्र कागदावर फारसा नाही. वगाची लिखित संहिता म्हणजे केवळ सांगाडा असतो. त्या त्या गावातील प्रसंग, समोरच्या माणसाची लकब किंवा ढोलकीवाल्याने टाकलेला शब्द उचलून सोंगाड्या जागच्या जागी संवाद रचतो, त्यामुळे एक प्रयोग दुसऱ्यासारखा होत नाही आणि मोठा नट गेला की त्याच्या सावळ्याचा बराचसा भागही जातो. पुणे जिल्ह्यातील गावांत ज्या वृद्धांनी दादूंचा सावळ्या पाहिला असेल, त्यांच्या आठवणीतले संवाद, सोंगाड्याच्या कोट्या आणि गाण्यांच्या चाली त्यांच्याच आवाजात ध्वनिमुद्रित करून ठेवणे हे काम नाट्यसंशोधकांनी व गावकऱ्यांनी मिळून आताच हाती घ्यावे.