निपाणीच्या वखारीतील कॅमेरा

सीमाभागाचा इतिहास म्हटला की १९५६ची राज्यपुनर्रचना, महाजन आयोग, मोर्चे आणि हुतात्मे आमच्या डोळ्यांसमोर येतात. निपाणीचे नाव त्यात आहे. तेथील तंबाखूच्या वखारीत राबणाऱ्या स्त्रियांचे मात्र नाही. १९८१ साली शरद जोशींच्या नेतृत्वाखाली तंबाखूच्या भावासाठी शेतकरी महामार्गावर बसले, गोळीबार झाला, आणि तो लढा सर्वतोमुखी झाला. तोच तंबाखू निवडणाऱ्या बायांची मजुरी हा चर्चेचा विषय क्वचितच झाला.

ती उणीव भरून काढली एका माहितीपटाने. १९८० साली बंगळूरमध्ये दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांनी ‘युगांतर’ हा चित्रपट-गट स्थापन केला. पुण्यातील घरकामगार स्त्रियांवर ‘मोलकरीण’ (१९८१) काढून ही मंडळी निपाणीस आली. कामगार स्त्रियांमध्ये सुमारे चार महिने राहून, त्यांच्याशी बोलून, काय दाखवावे हे त्यांच्यासह ठरवून त्यांनी ‘तंबाखू चाकीला ऊब आली’ (१९८२) पुरा केला. दिग्दर्शन दीपा धनराज यांचे, कॅमेरा नवरोज यांचा. धूळ, मजुरी, वखारीतील वागणूक आणि संघटनेचा निर्धार हे सारे बायांनी आपल्याच मराठीत मांडले.

नवरोज यांचा व्यवसाय एका चौकटीत मावणारा नव्हता. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या या माणसाने मणी कौल यांच्या ‘दुविधा’चे (१९७३) छायाचित्रण केले, पुढे ‘पर्सी’ (१९८९) आणि ‘हुं हुंशी हुंशीलाल’ (१९९२) यांचेही. ते स्थिरचित्रकार होते, लेखक होते, माहितीपटांचे दिग्दर्शकही होते. कथापटाच्या कीर्तीसाठी त्यांनी वखारीकडे पाठ फिरवली नाही, हे आम्हांस विशेष वाटते. जून २०२३ मध्ये मोटारसायकलवरील अपघातात त्यांचे निधन झाले.

‘युगांतर’चे चित्रपट पुढे बर्लिनच्या आर्सेनल संस्थेने डिजिटल रूपात जतन केले. आमच्या मातीतील हा दस्तऐवज परदेशी टिकला, याचे समाधान आहे आणि संकोचही. चार दशके उलटून गेली. त्या वेळी तरुण असलेल्या बाया आता वृद्ध झाल्या आहेत. पडद्यावरील चेहरे ओळखणारी माणसे निपाणीत हयात आहेत तोवर हा चित्रपट तेथे दाखवावा, आणि त्या स्त्रियांची नावे त्यांच्या संमतीने टिपून घ्यावीत. हे काम बर्लिनला जमणारे नाही. ते आपणच केले पाहिजे.