प्लॅझ्मॅटिक्स

एक प्रक्षोभक अमेरिकन पंक रॉक वाद्यवृंद. पंक हा १९७५ च्या सुमारास न्यूयॉर्क व लंडन येथे रुजलेला, हेतुतः ओबडधोबड ठेवलेला वेगवान रॉक-प्रकार. येल विद्यापीठात ललित कलांचे शिक्षण घेतलेल्या रॉड स्वेनसन याने हा वाद्यवृंद उभा केला. जुलै १९७८ मध्ये न्यूयॉर्कच्या ‘सीबीजीबी’ क्लबात त्याचा पहिला कार्यक्रम झाला. वेंडी ओ. विल्यम्स (२८ मे १९४९–६ एप्रिल १९९८) ही त्याची मुख्य गायिका व रिची स्टॉट्स हा प्रमुख गिटारवादक होता.

वाद्यवृंदाची ख्याती गाण्यांपेक्षा विध्वंसामुळे झाली. वेंडी यांत्रिक करवतीने गिटार कापीत असे, घणाने दूरचित्रवाणी संच फोडीत असे. १९८० मध्ये हडसन नदीच्या धक्क्यावर तिने स्फोटके ठेवलेली कॅडिलॅक मोटार रंगमंचाच्या दिशेने हाकली आणि ऐन वेळी बाहेर उडी घेतली. माणसे वस्तूंना देव मानतात, म्हणून वस्तूच फोडायच्या, अशी त्यामागील भूमिका होती. त्याच वर्षी लंडनमधील त्यांचा कार्यक्रम तेथील प्रशासनाने होऊ दिला नाही.

अमेरिकेत मात्र कायद्याला खटकली ती वेंडीची देहप्रदर्शक वेशभूषा व हावभाव. जानेवारी १९८१ मध्ये मिलवॉकी येथे तिला अटक झाली. त्या वेळी पोलिसांशी झालेल्या झटापटीत ती जखमी झाली आणि तिला टाके घालावे लागले. लगेच क्लीव्हलंड येथेही अश्लीलतेचा खटला झाला. त्यात ती निर्दोष ठरली. रंगमंचावर केवळ निर्जीव वस्तूंवर घाव घालणाऱ्या कलावतीला खरी हिंसा सोसावी लागली ती रंगमंचाबाहेर, ही विसंगती वृत्तपत्रांच्या खळबळजनक मथळ्यांत हरवली.

न्यू होप फॉर द रेचेड (१९८०) व बियाँड द व्हॅली ऑफ १९८४ (१९८१) या पहिल्या दोन ध्वनिमुद्रिका होत. कू देता (१९८२) या ध्वनिमुद्रिकेत पंक व हेवी मेटल यांचा मेळ आढळतो. हा मेळ पुढे सर्रास झाल्यामुळे तिचे महत्त्व विशेष आहे. वेंडीचा आवाज घोगरा, पण दमदार होता. डब्ल्यूओडब्ल्यू (१९८४) या तिच्या स्वतंत्र ध्वनिमुद्रिकेनंतर ग्रॅमी पुरस्कारासाठी तिचे नामांकन झाले. मॅगट्स (१९८७) मध्ये पर्यावरणाच्या नाशाचे कथानक आहे.

वेंडी तरुणपणापासून शाकाहारी होती. संगीतातून निवृत्त होऊन ती १९९१ मध्ये कनेक्टिकट राज्यातील स्टॉर्स येथे राहू लागली व तेथे जखमी वन्य प्राण्यांची शुश्रूषा करू लागली. तेथेच तिने आत्महत्या केली.