तळटीप : त्रिपूर लावणे

त्रिपूर लावणे : कार्तिकी पौर्णिमेच्या संध्याकाळी देवळात दिवे उजळण्याची रीत. गिरगावकरांना त्यासाठी जवळची जागा वाळकेश्वर. १७१५ मध्ये रामा कामत यांनी तिथल्या देवळाचा जीर्णोद्धार केला. शेजारच्या बाणगंगेच्या पायऱ्यांवर आजही या दिवशी पणत्यांच्या ओळी लागतात.

या रीतीमागे शंकराने असुरांची तीन पुरे, म्हणजे त्रिपूर, पाडल्याची कथा आहे. लेखकाने ही तिन्ही पुरे आकाशात तरंगती ठेवली आहेत. महाभारताच्या कर्णपर्वात मात्र सोन्याचे पूर स्वर्गात, रुप्याचे अंतरिक्षात आणि लोखंडाचे पृथ्वीवर आहे. मयासुराने ती तारकासुराच्या तीन मुलांसाठी बांधली. हे तिघे माजले, देवांची उपवने उजाड करू लागले. वर असा, की हजार वर्षांनी पुरे एकत्र येतील तेव्हा एकाच बाणाने ती पाडता येतील. शंकराने पृथ्वीचा रथ केला, विष्णूला बाणात बसवले, ब्रह्मदेवाच्या हाती लगाम दिला. खरी मेख इथेच आहे. ही कथा सांगतो दुर्योधन, तीही कर्णाचे सारथ्य करायला नाखूश असलेल्या शल्याला पटवण्यासाठी! युद्धवर्णनापेक्षा ही वकिलीच जास्त रंगते. मत्स्यपुराणातही हे युद्ध विस्ताराने आले आहे. जिज्ञासूंनी दोन्ही पाठ ताडून पाहावेत. — संपादक