बंगळूरचा पट आणि खाडिलकर भगिनी

हीरक महोत्सवाच्या स्मरणिकेत मुख्याध्यापिकेने शाळेचा इतिहास लिहावा, अशी संपादक मंडळाची अपेक्षा होती. ते काम माझ्या ज्येष्ठ सहकाऱ्यांनी माझ्यापेक्षा चांगले केले आहे. मी येथे आपल्याच शहरात घडलेल्या, परंतु येथील मराठी मंडळींच्याही फारशा स्मरणात नसलेल्या एका घटनेविषयी लिहीत आहे. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय बुद्धिबळ स्पर्धा बंगळूर येथे भरली आणि मुंबईची वासंती खाडिलकर ही शाळकरी वयाची मुलगी भारताची पहिली महिला विजेती ठरली. आपली शाळा त्या वेळी जेमतेम नऊ वर्षांची होती. देवनहळ्ळी तेव्हा किल्ल्याच्या आधाराने वसलेले लहानसे गाव होते. विमानतळ यायला अजून चौतीस वर्षे होती.

बुद्धिबळ या मुलखाला परके नव्हते. म्हैसूरचे तिसरे कृष्णराज वडेयर हे पटावरील खेळांचे मोठे जाणकार होते. घोड्याने चौसष्ट घरे एकेकदाच ओलांडून पट पुरा करावा, या कोड्याची त्यांनी मांडलेली उत्तरे आजही अभ्यासली जातात. आमची मुले मैदानावर ‘चदुरंग’ म्हणतात आणि वर्गात ‘बुद्धिबळ’. मला मात्र हा खेळ बेळगावी आजोबांनी शिकविला, तो देशी पद्धतीने. प्यादे पहिल्या चालीतही एकच घर सरकणार, किल्लेकोट नाही, आणि शह लागण्यापूर्वी राजाला एकदा घोड्यासारखी उडी घेण्याची मुभा. पुढे आंतरराष्ट्रीय नियम शिकताना जुने विसरणेच अधिक जड गेले. माझ्या आधीच्या पिढीतील कित्येक उत्तम खेळाडूंना ही अडचण पार करावी लागली असणार.

पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९५५ साली आंध्रातील एलुरु येथे झाली. तिचे विजेतेपद रामचंद्र सप्रे आणि डी. वेंकय्या यांना विभागून मिळाले; म्हणजे पुरुषांच्या यादीतील पहिल्या ओळीतही एक मराठी नाव आहे. त्यानंतर महिलांच्या स्पर्धेसाठी देशाला एकोणीस वर्षे वाट पाहावी लागली. या काळात स्त्रिया बुद्धिबळ खेळत नव्हत्या, असे मला वाटत नाही. माझी आजी स्वयंपाकघरातून बाहेर येऊन आजोबांचा उंट कोठे अडकणार, हे उभ्या उभ्या सांगत असे. पटासमोर बसलेले मी तिला कधी पाहिले नाही.

वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या कन्या. ‘नवाकाळ’ १९२३ साली काढणारे नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर हे त्यांचे पणजोबा. त्यांच्या ‘कीचकवधा’वर इंग्रज सरकारने बंदी घातली होती, हे आपण मराठीच्या तासाला शिकतो. वासंतीनंतर जयश्रीने राष्ट्रीय विजेतेपद मिळविले, मग रोहिणीने. पहिले दशकभर हे पद या तिघींच्या बाहेर गेलेच नाही. एकाच घरातील तीन बहिणींनी देशाची स्पर्धा आपसांत वाटून घ्यावी, असे दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही. मात्र याची दुसरी बाजूही लक्षात घेतली पाहिजे: मुलींच्या हाती पट देणारी घरे तेव्हा किती थोडी असतील!

रोहिणीची कथा मला सर्वांत महत्त्वाची वाटते. १९७६ साली, वयाच्या तेराव्या वर्षी, ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. तेथवर पोहोचणारी ती पहिलीच स्त्री. तिच्या सहभागाला विरोध झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि निकाल तिच्या बाजूने लागला. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष तेव्हा माजी विश्वविजेते डॉ. मॅक्स युवे होते. राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय खुल्या स्पर्धांतून स्त्रियांना वगळता येणार नाही, असा निर्णय त्यांनी दिला. पणजोबांच्या नाटकावर बंदी आणि पणतीच्या खेळण्याला हरकत, हा योगायोग मला गमतीचा वाटतो. तिने त्या स्पर्धेत तीन राज्यविजेत्यांना हरविलेही. पण ती सर्व डाव हरली असती, तरी न्यायालयातील प्रश्न तोच राहिला असता.

पुढचा आलेख थोडक्यात सांगते. १९७९ साली जयश्री ही महिला आंतरराष्ट्रीय मास्टर हा किताब मिळविणारी पहिली भारतीय ठरली. १९८१ साली हैदराबाद येथे रोहिणीने आशियाई महिला अजिंक्यपद जिंकले, ते बारापैकी साडेअकरा गुणांनी. म्हणजे अकरा डाव जिंकले, एक बरोबरीत सुटला आणि हार एकही नाही. मी तेव्हा सहावीत होते. वर्तमानपत्रातील तिचे छायाचित्र कापून मी भूमितीच्या वहीत ठेवले होते. १९८३ साली क्वालालंपूर येथे तिने हे पद पुन्हा मिळविले. अर्जुन पुरस्कारही तिला लाभला. पुढे तिघींपैकी जयश्री ‘नवाकाळ’च्या आणि रोहिणी ‘संध्याकाळ’ या सायंदैनिकाच्या संपादक झाल्या. खाडिलकरांच्या पाठोपाठ भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले आल्या. दोघींनीही पाच-पाच वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळविले आणि दोघींना पद्मश्री मिळाली.

महिलांची वेगळी स्पर्धा हवी की नको, हा वाद अजून मिटलेला नाही. माझे मत असे की, १९७४ ची बंगळूरची स्पर्धा झाली नसती, तर १९७६ ची रोहिणी घडली नसती. वेगळ्या अंगणात मुलींना एकमेकींशी खेळण्याची सवय झाली, प्रवासाला निमित्त मिळाले, घरच्यांना मान्य होईल असे एक नाव मिळाले. पण त्याच अंगणाचे कुंपण दाखवून मुलीला ‘तुझी जागा येथेच’ असे सांगता येते, हेही तितकेच खरे आहे.

हे मी ऐकीव माहितीवर लिहीत नाही. मी येथे सहशिक्षिका असताना आंतरशालेय स्पर्धेसाठी चार जणांचा संघ निवडायचा होता. सातवीतील एका मुलीने चाचणीत चारांपैकी दोन मुलांना हरविले होते. ‘बाई, मला मुलांच्या संघात खेळायचंय,’ असे ती म्हणाली. मुलींचा गट वेगळा असतो, तू त्यात पहिली येशील, असे सांगून मी तिची समजूत काढली. नियमावलीत मनाई आहे की नाही, हे मी उघडूनही पाहिले नाही. ती मुलींच्या गटात पहिली आली, आणि आठवीनंतर तिने पट हाती घेतला नाही. ज्या मुलीचे छायाचित्र मी वहीत जपले होते, तिने न्यायालयात जाऊन मिळविलेला हक्क मी एका वाक्यात काढून घेतला होता.

जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे नागपूरच्या एकोणीस वर्षांच्या दिव्या देशमुखने महिलांचा विश्वचषक जिंकला. अंतिम सामन्यात समोर कोनेरू हंपी होती. पहिले दोन डाव बरोबरीत सुटले आणि जलद डावांत निकाल लागला. या विजयाने ती ग्रँडमास्टर झाली. हा किताब मिळविणारी ती चौथी भारतीय स्त्री. त्या संध्याकाळी माझ्या त्या जुन्या विद्यार्थिनीचा दूरध्वनी आला. आता तिची मुलगी आपल्याच शाळेत पाचवीत आहे. शाळेच्या संघासाठी चाचणी कधी आहे, एवढेच तिने विचारले. मी तारीख सांगितली, आणि संघ एकच असतो, हेही सांगितले.