ट्रम्पेटचे कागद : गोवा, मुंबई आणि स्वरलिपीचा हक्क

पाश्चात्त्य अभिजात संगीतातील ट्रम्पेटवादन पश्चिम भारतात रुजले ते मुख्यतः गोव्याच्या पॅरिश शाळांमुळे. चर्चच्या धर्मग्रामाशी जोडलेल्या या शाळांत मेस्त्री, म्हणजे गायनवृंदाचा शिक्षक, मुलांना सोल्फेज शिकवीत असे. सोल्फेज म्हणजे पाच रेघांवरची स्वरलिपी पाहून स्वर अचूक म्हणण्याची पद्धत. हिमायतनगरपासून उदगीरपर्यंतच्या वरातींत वाजणारा ट्रम्पेट बहुधा कानावरून शिकला जातो, तर गोमंतकीय वादकाची ओळख कागद वाचता येण्यात होती, आणि याच बळावर त्याला लष्करी बँड, संस्थानिकांचे बँड, मुंबईची हॉटेले आणि पुढे चित्रपटांचे स्टुडिओ यांत स्थान मिळाले.

वाचणारे होते, परंतु वाचायला लागणारे कागद विरळ होते. धोबीतलावावरील फुर्टाडोसारख्या, 1865 पासूनचा वारसा सांगणाऱ्या दुकानांतून परदेशी छापील स्वरलिपी मिळे. मात्र दुकानदार साहजिकच खपणारे साहित्य मागवीत आणि ट्रम्पेटच्या अल्पपरिचित रचनांना ग्राहक मोजकेच असत. म्हणून कागदाची खरी वाट हस्तलेखनाची होती. या नकलेला कौशल्य लागे, कारण बी फ्लॅट ट्रम्पेट लिहिल्यापेक्षा एक पूर्ण स्वर खाली वाजतो आणि त्यामुळे पियानोच्या ओळीवरून ट्रम्पेटचा पार्ट तयार करताना प्रत्येक स्वर एक स्वर वर लिहावा लागतो. मेहली मेहतांनी 1935 मध्ये स्थापलेला बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्रा असो वा चित्रपटांचे ध्वनिमुद्रण, प्रत्येक वादकापुढे असा स्वतंत्र पार्ट लागत असे.

या नकलांची वैधता ठरवणारा कायदा मात्र प्रदेशानुसार वेगळा होता. ब्रिटिश हिंदुस्थानात 1914 चा कायदा लागू होता, तर गोव्यात 1961 पर्यंत पोर्तुगीज सत्तेची व्यवस्था होती. स्वतंत्र भारताच्या 1957 च्या कायद्याने रचनाकाराच्या मृत्यूनंतर 50 वर्षांचे संरक्षण दिले आणि 1992 च्या दुरुस्तीने ही मुदत 60 वर्षे झाली. ती मृत्यूच्या पुढील वर्षारंभापासून मोजली जाते. परिणामी एकच रचना भारतात मुक्त आणि युरोपात संरक्षित असू शकते. पॉल हिंडेमिट 28 डिसेंबर 1963 रोजी वारले. त्यांचा 1939 चा ट्रम्पेट-पियानो सोनाटा भारतात 2024 च्या आरंभी मुक्त झाला, तर 70 वर्षांची मुदत असलेल्या जर्मनीत तो 2033 अखेरपर्यंत संरक्षित आहे. ऑस्कर बोमे (मृत्यू 1938) यांचा कॉन्चेर्तो आणि जॉर्ज एनेस्कू (मृत्यू 1955) यांची 1906 ची ‘लेजांद’ याच गणिताने इथे खुली आहेत. आंद्रे जोलिव्हे (मृत्यू 1974) यांच्या रचनांसाठी मात्र 2034 अखेरपर्यंत परवानगी किंवा विकत घेतलेली प्रत लागेल. मूळ रचना मुक्त असली, तरी नव्या संपादकाने तिच्यात घातलेली स्वतःची भर वेगळ्या हक्काखाली येऊ शकते, हेही तपासावे लागते.

देशादेशांच्या मुदतींतला हा भेद 2006 मध्ये सुरू झालेल्या आंतरराष्ट्रीय स्वरलिपी ग्रंथालय प्रकल्पाला, म्हणजे ‘आयएमएसएलपी’ला, भोवला. कॅनडात तेव्हा 50 वर्षांची मुदत असल्याने तिथे जे वैध होते, त्याला व्हिएन्नाच्या युनिव्हर्सल एडिशनने हरकत घेतली. ऑक्टोबर 2007 मध्ये बंद पडलेला हा संग्रह 2008 च्या मध्यास पुन्हा खुला झाला. दुकानाच्या फळीवर कधी न आलेले पार्ट नांदेड-लातूरच्या विद्यार्थ्याला आता तिथे सापडतात, फक्त भारतातली मुदत त्याने स्वतः मोजली पाहिजे.

मुंबईत हाताने लिहिल्या गेलेल्या कागदांची गोष्ट मात्र उलटी आहे. ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, म्हणजे अंतोनियो झेवियर वाझ, 1967 मध्ये वारले. त्यांच्या स्वतःच्या रचनांची मुदत 2027 अखेरीस संपेल. परंतु स्टुडिओत वापरलेले पार्ट जपण्याची पद्धत तिथे फारशी नव्हती, त्यामुळे हक्क मोकळा झाला तरी छापण्याजोगा कागद हाती असेलच असे नाही. युरोपची विस्मृत रचना कायद्याने उशिरा खुली केली. मुंबईची रचना खुली करायला आधी घराघरांतल्या वह्यांचे जतन व्हावे लागेल.